‘ऑस्ट्रॅकोडर्म’ : एका संज्ञेचा अर्थ आणि प्रयोग

पृष्ठवंशी प्राण्यांच्या इतिहासावरील बहुतेक पाठ्यपुस्तकांत आरंभीच्याच प्रकरणात ‘ऑस्ट्रॅकोडर्म’ ही संज्ञा भेटते. अंगावर हाडांचे चिलखत असलेले, जबडा नसलेले आणि कोट्यवधी वर्षांपूर्वी नामशेष झालेले मासे, असा तिचा अर्थ सामान्यतः दिला जातो. हा अर्थ चुकीचा नाही. तथापि तो पुरेसाही नाही. या व्याख्येतील तिन्ही विशेषणे निरनिराळ्या जातीची आहेत. चिलखत हा असलेला गुण आहे. जबडा नसणे हा एक अभाव आहे. नामशेष होणे हा तर गुणही नव्हे आणि अभावही नव्हे. ती त्या प्राण्यांच्या बाबतीत पुढे घडलेली घटना आहे. अशा तीन विजातीय गोष्टींची मोट बांधून जे नाव तयार होते, ते प्राण्यांच्या एखाद्या खऱ्या कुळाचे नाव असते की केवळ सोयीचे असते, हा प्रश्न प्राणिशास्त्राइतकाच भाषाशास्त्राचाही आहे. मराठीतून या विषयावर लिहू पाहणाऱ्यास तर तो टाळताच येत नाही. कारण प्रतिशब्द योजण्यापूर्वी तो नेमका कशाचा प्रतिशब्द, हे ठरवावे लागते.

आधी व्युत्पत्ती पाहू. ही संज्ञा ‘ऑस्ट्राकॉन’ आणि ‘डेर्मा’ या दोन ग्रीक शब्दांपासून बनली आहे. डेर्मा म्हणजे कातडी. त्याचे मूळ ‘सोलणे’ या अर्थाच्या धातूत असून संस्कृतातील ‘दृ’ म्हणजे फाडणे हा धातू त्याचा सगोत्र आहे. ‘दृति’ म्हणजे चामड्याची पखाल, हा शब्दही त्याच घरचा. ऑस्ट्राकॉन या शब्दाचा अर्थविस्तार अधिक रोचक आहे. भाजलेल्या मातीचे भांडे, त्या भांड्याचा फुटका तुकडा, तसेच शिंपला, कालव वा कासव यांचे कठीण कवच, इतके सर्व अर्थ या एका शब्दात सामावलेले आहेत. अथेन्स नगरात एखाद्या प्रबळ नागरिकास दहा वर्षांसाठी हद्दपार करावयाचे असल्यास नागरिक त्याचे नाव खापराच्या तुकड्यावर कोरून मत देत. इ. स. पू. ४८७ मध्ये ही पद्धत प्रथम अंमलात आली, आणि बहिष्कारवाचक इंग्रजी ‘ऑस्ट्रॅसिझम’ हा शब्द त्या खापरांवरूनच आला. ‘ऑस्टेऑन’ म्हणजे हाड हा ग्रीक शब्द आणि संस्कृत ‘अस्थि’ हे एकाच मूळ शब्दाचे वंशज होत, आणि ऑस्ट्राकॉनही बहुधा त्याच कुळातला मानला जातो.

भांडे, कवच आणि हाड या तीन अर्थांचा हा शेजार केवळ ग्रीकपुरता मर्यादित नाही. लॅटिनमधील ‘टेस्टा’ म्हणजे मातीचे भांडे, खापर, शिंपला. त्यापासूनच फ्रेंचमध्ये डोक्याचा वाचक ‘तेत’ हा शब्द झाला. संस्कृतात ‘कर्पर’ या शब्दाचे अर्थ भांडे, डोक्याची कवटी आणि कासवाची पाठ असे आहेत. ‘कपाल’ म्हणजे खापर, भिक्षापात्र, अंड्याचे टरफल आणि कवटीही. यज्ञातील पुरोडाश ज्यावर भाजतात ती कपाले आणि कापालिकाच्या हातातील कपाल यांत शब्द एकच आहे. मराठीतही खापर आणि खापरी, नारळाची करवंटी आणि डोक्याची कवटी ही शब्दमंडळी एकमेकांपासून फार दूर बसलेली नाहीत. आत मऊ आणि बाहेर कठीण अशा वस्तूस माणसाची भाषा घरातल्या मडक्याची उपमा देते, एवढाच याचा अर्थ. त्यात शास्त्र नाही, परंतु निरीक्षण आहे. हे निरीक्षण पुढे शास्त्राच्या हाती गेल्यावर काय झाले, ते पाहण्यासारखे आहे.

‘ऑस्ट्राकोडेर्मा’ हा जोडशब्द मुळात माशांसाठी योजला गेलाच नव्हता. ॲरिस्टॉटलने रक्तहीन प्राण्यांचे जे चार मोठे वर्ग कल्पिले, त्यांपैकी एकाचे हे नाव आहे. माकूळ आदी मृदुकाय प्राणी, खेकडा व झिंगा यांच्यासारखे मऊ कवचाचे प्राणी, कीटक, आणि चौथा वर्ग हा खापरकातडीच्या प्राण्यांचा. यात गोगलगाय, शंख, शिंपले आणि कालव येत. समुद्री साळिंदरही त्यातच गणले जाई. लॅटिनमध्ये याच वर्गास ‘टेस्टासेआ’ असे म्हटले गेले. म्हणजे दोन हजारांहून अधिक वर्षे या शब्दाचा माशांशी काहीही संबंध नव्हता.

तो संबंध जुळण्यापूर्वी हे मासे स्वतःच अनेक चुकीच्या नावांखाली वावरत होते. ब्रिटनमधील ‘ओल्ड रेड सँडस्टोन’ या तांबड्या वालुकाश्मात एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात चमत्कारिक आकृतींचे जीवाश्म सापडू लागले. लुई अगासी या स्विस निसर्गशास्त्रज्ञाने १८३३ ते १८४३ या काळात जीवाश्म माशांवरील आपला प्रचंड ग्रंथ प्रसिद्ध केला, आणि त्यात नालाच्या आकाराचे शिरस्त्राण असलेल्या एका माशास ‘सेफालास्पिस’, म्हणजे ‘ढालडोक्या’, असे नाव दिले. स्कॉटलंडमधील पाथरवट ह्यू मिलर यास सापडलेला पंखवजा अवयवांचा प्राणी प्रथमदर्शनी कासव आणि मासा यांच्यामधला दुवा वाटला. अगासीने त्यास ‘टेरिक्थिस’, म्हणजे पंखमासा, असे नाव देऊन मत्स्यवर्गात घेतले. १८४७ साली रुडॉल्फ क्नेर याने ‘टेरास्पिस’ हे नाव ज्या अवशेषास दिले, ती त्याच्या मते माशाची ढाल नव्हतीच. माकुळासारख्या एखाद्या मृदुकाय प्राण्याच्या शरीरातील ती कवचपट्टी असावी, असे त्यास वाटले. हा गैरसमज दूर केला तो टॉमस हेन्री हक्सले याने. १८५८ साली त्याने या ढालींचे पातळ छेद सूक्ष्मदर्शकाखाली पाहून त्यांची घडण माशांच्या कठीण ऊतींची आहे हे दाखविले. पुढे काही वर्षांनी रे लँकेस्टर याने या ढालधारी माशांचे दोन गट पाडले, आणि दोघांच्याही नावांत ग्रीक खापर कायम ठेवले : ‘ऑस्टिओस्ट्रॅसी’ म्हणजे अस्थिकवची आणि ‘हेटेरोस्ट्रॅसी’ म्हणजे भिन्नकवची. ज्या ढालीला एकदा मृदुकाय प्राण्याचे कवच समजले गेले, तिच्या धन्याला नंतर मृदुकाय प्राण्यांचेच जुने नाव मिळावे, हा योगायोग आहे. एकातून दुसरे निघाले असे समजू नये.

हे नाव दिले ते एडवर्ड ड्रिंकर कोप या अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञाने. पृष्ठवंशी प्राण्यांच्या कुलांचा आढावा घेताना १८८९ साली त्याने ‘ऑस्ट्रॅकोडर्माय’ असा गट सिद्ध केला, आणि आज जिवंत असलेल्या लँप्री या जबडाहीन प्राण्यांच्या शेजारी त्यास बसविले. कोपची दृष्टी तीक्ष्ण होती, कारण या माशांना जबडा नाही ही गोष्ट त्याने वर्गीकरणाच्या मध्यभागी आणली. परंतु मिलरचा पंखमासा आणि त्याचे नातलग, ज्यांना आज अँटिआर्क म्हणतात, तेही त्याने याच गटात घातले. आणि अँटिआर्कांना तर जबडा होता. ढाल दिसली की जबडा नसणारच, असे काहीसे गृहीत धरले गेले. त्यानंतरची काही दशके ही संज्ञा अशा मिश्र अर्थानेच चालली. १९१२ साली विल्यम पॅटन याने तर याच प्राण्यांच्या आधारे पृष्ठवंशी प्राणी विंचू-कोळ्यांच्या कुळातून निघाले असा सिद्धांत मांडला. बाह्य कवच या एकाच साम्यावर किती मोठी इमारत उभी करता येते, याचे हे उदाहरण होय.

संज्ञेच्या अर्थाला निश्चित मर्यादा आली ती १९२७ मध्ये. एरिक स्टेन्शिओ या स्वीडिश संशोधकाने स्पिट्सबर्गेन बेटावरील सेफालास्पिसच्या कुलातील कवट्या थराथराने घासून त्यांच्या आतील मेंदूची पोकळी, मज्जातंतूंच्या वाटा आणि रक्तवाहिन्या यांचा नकाशाच तयार केला. ही अंतर्रचना लँप्रीच्या रचनेशी जुळते, असे त्याने दाखविले. तेव्हापासून जबडा असलेले ढालधारी मासे ‘प्लॅकोडर्म’ या गटात गेले (‘प्लॅक्स’ म्हणजे सपाट पत्रा, हे नाव मॅकॉय याने १८४८ सालीच दिले होते), आणि जबडा नसलेले ढालधारी तेवढे ऑस्ट्रॅकोडर्म उरले. आज पाठ्यपुस्तकांत जो अर्थ आढळतो तो मुख्यतः हाच. त्यात ऑस्टिओस्ट्रॅकन, हेटेरोस्ट्रॅकन, ॲनॅस्पिड, थेलोडाँट, चीन व व्हिएतनाममधील गॅलिॲस्पिड आणि ऑर्डोव्हिशियन काळातील काही प्राचीनतर प्राणी येतात. कोलोराडोमधील वालुकाश्मातून वॉलकॉट याने १८९२ साली वर्णिलेला ॲस्ट्रास्पिस आणि ऑस्ट्रेलियातून १९७७ साली प्रसिद्ध झालेला अरॅंडास्पिस हे त्यांपैकी होत. कालमर्यादा ढोबळ मानाने ४८ कोटी वर्षांपूर्वीपासून डेव्होनियन कालखंडाच्या अखेरीपर्यंत, म्हणजे ३६ कोटी वर्षांपूर्वीपर्यंत. बहुतेकांची लांबी वीतभर, काहींची हातभर.

येथे एक गोष्ट नजरेआड होऊ नये. या यादीतील थेलोडाँटांच्या अंगावर ढाल नव्हतीच; वाळूच्या कणांएवढे बारीक खवले मात्र होते. त्यांच्या कातडीला खापर म्हणणे म्हणजे रवाळ मिठाला दगड म्हणण्यासारखे आहे. तरीही ते ऑस्ट्रॅकोडर्म, कारण जबडा नाही आणि लँप्रीही नव्हेत. म्हणजेच संज्ञेचा व्युत्पत्त्यर्थ आणि तिचा व्यवहारातील अर्थ यांची फारकत झालेली आहे. आज तिचा खरा अर्थ ‘खापरकातडीचे’ असा नसून ‘जबडाहीन प्राण्यांतून लँप्री व हॅगफिश आणि त्यांचे निकटचे आप्त वजा केल्यावर जे उरतात ते’ असा आहे. ही वजाबाकीची संज्ञा आहे. भाषेत अशा संज्ञा पुष्कळ असतात. घरखर्चाच्या वहीतील ‘किरकोळ’ ही बाब तशीच. प्राणिशास्त्रातील ‘अपृष्ठवंशी’ हा शब्दही त्याच प्रकारचा, आणि काटेकोरपणे पाहिल्यास ‘मासा’ हा शब्दसुद्धा. कारण चार पायांचे प्राणी माशांतूनच निघालेले असूनही ते वगळल्यावर जे राहतात, त्यांनाच मासे म्हणण्याचा प्रघात आहे.

वजाबाकीच्या संज्ञा बोलचालीत निरुपद्रवी असतात. वंशावळ मांडताना मात्र त्या घोटाळा करतात. विली हेनिग या जर्मन कीटकशास्त्रज्ञाने १९५० च्या ग्रंथात, आणि १९६६ साली निघालेल्या त्याच्या इंग्रजी आवृत्तीनंतर जगभर पसरलेल्या पद्धतीत, असा दंडक घातला की वर्गीकरणातील गटाने एक पूर्वज आणि त्याचे सर्व वंशज यांचा समावेश केला पाहिजे. काही वंशज बाहेर ठेवून केलेला गट हा अर्धवट गट होय. ऑस्ट्रॅकोडर्म नेमके असेच निघाले. स्टेन्शिओला ते लँप्री व हॅगफिश यांचे पूर्वज वाटत होते. पुढील अभ्यासाने चित्र उलटे झाले : लँप्री आणि हॅगफिश हे परस्परांचे निकटचे आप्त ठरले, तर ढालधाऱ्यांतील बहुतेक गट जबडा असलेल्या प्राण्यांच्या बाजूचे ठरले. अस्थिकवचींना खांद्यापाशी जोडीचे पर होते. जबडेवाल्यांचे सर्वांत जवळचे आप्त सामान्यतः त्यांनाच मानले जाते. २०११ मध्ये चीनच्या झेज्यांग प्रांतातील शूयू या गॅलिॲस्पिडाच्या कवटीचे सिंक्रोट्रॉन क्षकिरणांच्या साहाय्याने केलेले परीक्षण प्रसिद्ध झाले. त्यात नाकाच्या दोन पिशव्या एकमेकींपासून आणि मेंदूखालच्या नलिकेपासून सुट्या झालेल्या आढळल्या. लँप्रीत या गोष्टी एकत्र गुंतलेल्या असतात, आणि त्या सुट्या झाल्याखेरीज जबडा तयार होण्यास वावच मिळत नाही. म्हणजे जबडा येण्यापूर्वीच त्याच्यासाठी जागा मोकळी झाली होती, आणि ती एका ऑस्ट्रॅकोडर्माच्या डोक्यात.

यावरून ‘नामशेष’ या विशेषणाकडे पुन्हा वळावे लागते. मराठीत याच्या आसपासचे दोन शब्द आहेत, आणि त्यांतील भेद येथे फार उपयोगी पडतो. ज्याचे नाव तेवढे शिल्लक राहिले तो नामशेष. ज्याचा वंश पुढे चालला नाही तो निर्वंश. डायनोसॉर नष्ट झाले असे म्हणताना पक्ष्यांचा विसर पडतो, तीच चूक ऑस्ट्रॅकोडर्मांविषयी विद्यार्थ्यांच्या उत्तरपत्रिकांत सर्रास होते. सेफालास्पिस व टेरास्पिस यांसारख्या प्रजाती गेल्या. भिन्नकवची हा संपूर्ण गट गेला, आणि त्याला निर्वंश म्हणण्यास हरकत नाही. परंतु ‘ऑस्ट्रॅकोडर्म’ या व्यापक संज्ञेस तो शब्द लागू पडत नाही. त्यांच्यातील एका शाखेतूनच जबडा असलेले सर्व प्राणी निघाले : शार्क, बांगडा, बेडूक, कावळा आणि माणूस. माणसाच्या कवटीच्या छताची हाडे, कपाळाचे आणि त्यामागील दोन, ही कूर्चेच्या साच्यावाचून थेट पडद्यात तयार होतात. बाह्य त्वचेत हाड तयार होण्याची जी परंपरा या ढालधारी माशांत प्रथम ठळक दिसते, तिचाच तो वारसा होय. ‘कर्पर’ शब्दात कवच आणि कवटी यांना एकत्र ठेवणाऱ्या संस्कृतभाषकांना याची कल्पना असणे शक्य नव्हते. त्यांना केवळ आकार दिसत होता. शब्द बरोबर निघाला, पण कारण वेगळे.

मग ही संज्ञा टाकून द्यावी काय? काही वर्गीकरणकार तसे म्हणतात, आणि नामावलीतून तिला रजाही मिळालेली आहे. तथापि एखादा शब्द वर्गीकरणातून गेला म्हणजे भाषेतून गेला असे होत नाही. उत्क्रांतीच्या एका पायरीवर असलेल्या प्राण्यांचा एकत्र उल्लेख वारंवार करावा लागतो, आणि त्यासाठी दुसरा आटोपशीर शब्द उपलब्ध नाही. म्हणून इंग्रजी लेखनात एक युक्ती रूढ झाली आहे. ‘ऑस्ट्रॅकोडर्माय’ हे लॅटिन रूप मोठ्या अक्षराने लिहिले तर तो औपचारिक गट; ‘ऑस्ट्रॅकोडर्म’ हे इंग्रजी रूप लहान अक्षराने, आणि पुष्कळदा अवतरणचिन्हांत लिहिले तर तो सोयीचा उल्लेख. देवनागरीत लहान-मोठी अक्षरे नाहीत. त्यामुळे मराठी लेखकास हा भेद लिपीने दाखविता येत नाही. तो शब्दरूपाने आणि वाक्यरचनेने दाखवावा लागतो. जुन्या वर्गीकरणाविषयी लिहिताना ‘ऑस्ट्रॅकोडर्माय हा गट’ असे लिहावे, आणि एरवी ‘ऑस्ट्रॅकोडर्म पायरीचे मासे’ अशी रचना करावी. ‘ऑस्ट्रॅकोडर्म’ हा शब्द मराठीत ‘मासा’ या शब्दाच्या ओढीने पुल्लिंगी होतो, आणि व्यंजनान्त पुल्लिंगी असल्यामुळे त्याचे अनेकवचन सरळ रूपात वेगळे दिसत नाही. ते क्रियापदावरून कळते. सामान्यरूप ‘ऑस्ट्रॅकोडर्मां-’ असे निर्वेधपणे चालते. शब्द मराठीच्या प्रकृतीत बसतो, ही त्याच्या बाजूची एक लहानशी पण व्यवहारी साक्ष.

प्रतिशब्दांचा विचार करता तीन मार्ग संभवतात. ‘कवचधारी मासे’ हा सुगम आहे. परंतु ‘कवचधारी’ हा शब्द मराठीत खेकडा-कोळंबीच्या वर्गासाठी अगोदरच वापरात असून प्लॅकोडर्मांनाही तो तितकाच लागू पडतो. ‘खर्परचर्मी’ अशी शब्दशः घडण केल्यास ती व्युत्पत्तीशी प्रामाणिक राहील, पण ॲरिस्टॉटलचे शंखशिंपले आणि कोपचे मासे यांतील घोटाळा नव्याने आयात होईल. शिवाय थेलोडाँटांची अडचण आहेच. तिसरा मार्ग संज्ञा आहे तशी घेण्याचा. केंद्र सरकारने १९६१ साली स्थापन केलेल्या शब्दावली आयोगानेही आंतरराष्ट्रीय संज्ञा लिप्यंतराने स्वीकारण्याचे तत्त्व मान्य केलेले आहे. येथे तोच मार्ग श्रेयस्कर दिसतो. अर्थ पारदर्शक असणे हा प्रतिशब्दाचा गुण खरा, परंतु ज्या संज्ञेचा मूळ अर्थच आता तिच्या व्यवहाराशी जुळत नाही, तिचे पारदर्शक भाषांतर वाचकाची दिशाभूल करते. अशा वेळी अपारदर्शक शब्द अधिक प्रामाणिक ठरतो. पहिल्या उल्लेखाजवळ ‘जबडा नसलेले प्राचीन अस्थिकवची मासे’ असेही लिहू नये, कारण ‘अस्थिकवची’ हे लँकेस्टरच्या एका उपगटाचेच भाषांतर आहे. ‘अंगावर हाडाचे आवरण असलेले, जबडा नसलेले प्राचीन मासे’ इतके साधे स्पष्टीकरण पुरते. ‘अहनु’ किंवा ‘हनुहीन’ हे शब्द शुद्ध आहेत. पण मराठीत जबड्याला जबडाच म्हणतात, आणि हनु म्हटले की वाचकास मारुती आठवतो.

ऑस्ट्रॅकोडर्म आणि ऑस्ट्रॅकोड यांची गल्लत ही आणखी एक नित्याची बाब. ऑस्ट्रॅकोड हे दोन शिंपांत राहणारे, बहुधा तिळाएवढे किंवा त्याहूनही लहान कवचधारी जीव असून ते आजही विपुल आहेत. ‘ऑस्ट्रासिऑन’ हा पेटीच्या आकाराचा मासाही आजचाच, आणि त्यास चांगला जबडा आहे. तिघांना जोडणारा धागा फक्त ग्रीक खापराचा.

उरतो तो जीवाश्मावर चिठ्ठी लिहिण्याचा प्रश्न. प्रजाती ओळखता आली असेल तर ‘सेफालास्पिस’ असे लिहावे; शाखा तेवढी ओळखता आली असेल तर ‘ऑस्टिओस्ट्रॅकन’ असे. परंतु हाती केवळ नक्षीदार हाडाचा एक सुटा तुकडा असेल, तर कित्येकदा ‘ऑस्ट्रॅकोडर्म’ म्हणणेही धाडसाचे असते. त्या तुकड्यात चिलखत दिसते. जबडा नव्हता, हे त्यात दिसत नाही. ऊतींचा छेद घेऊन शाखा निश्चित होईपर्यंत ‘आद्य पृष्ठवंशी प्राण्याच्या बाह्य कवचाचा तुकडा’ एवढेच लिहून थांबावे.